राष्ट्र मोठे, राज्य लहान : मा. गो. वैद्यांच्या एका विचाराचा प्रवास

सरकारवर टीका केली की माणूस राष्ट्रद्रोही ठरतो, अशा वातावरणात मा. गो. ऊर्फ बाबूराव वैद्यांचे लेखन पुन्हा वाचले पाहिजे. राष्ट्र आणि राज्य या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे त्यांनी आयुष्यभर समजावून सांगितले. राज्य कायद्याने चालते आणि कायद्यामागे दंडशक्ती असते. राष्ट्र मात्र लोकांच्या मनात असते. भूमीविषयीची आत्मीयता, इतिहासातील जयपराजयांविषयीची समान भावना आणि समान जीवनमूल्ये या तीन गोष्टींनी लोकांचे राष्ट्र होते, अशी त्यांची मांडणी होती.

१९२३मध्ये वर्धा जिल्ह्यात जन्मलेले वैद्य नागपुरात शिकले, राष्ट्रीय स्वयंसेवक संघात घडले आणि १९६६पर्यंत हिस्लॉप कॉलेजात संस्कृत शिकवत होते. हे कॉलेज स्टीफन हिस्लॉप या स्कॉटिश मिशनऱ्याच्या नावाने १८८३मध्ये सुरू झालेले. ख्रिस्ती मिशनच्या संस्थेत संघाचा स्वयंसेवक कालिदास शिकवतो, हे त्या काळच्या नागपूरला साजेसेच होते. संस्कृती टिकवण्यासाठी सत्ता हाती असावीच लागते असे नाही, शिक्षक वर्गात उभा राहूनही ती पुढच्या पिढीला देऊ शकतो. वैद्यांच्या विचाराची पहिली बैठक मला या वर्गात दिसते.

पुढे ते ‘तरुण भारत’ या दैनिकात आले, मुख्य संपादक झाले, आणि विचाराला रोजच्या घडामोडींची कसोटी लागली. या पत्राची धुरा त्यांच्याआधी ग. त्र्यं. माडखोलकरांनी दीर्घकाळ वाहिली होती. १९४६च्या बेळगाव साहित्य संमेलनाचे अध्यक्ष माडखोलकरच होते आणि संयुक्त महाराष्ट्राच्या मागणीला तिथेच जोर चढला. मराठी माणसाचे एक राज्य, हे त्यांचे स्वप्न होते. त्याच पत्राचे संपादकपद भूषवलेले वैद्य मात्र उतारवयात लहान राज्यांच्या बाजूने उभे राहिले. कोणत्याही राज्याची लोकसंख्या ३ कोटींहून जास्त आणि ५० लाखांहून कमी नसावी, असे ते म्हणत. वेगळ्या विदर्भालाही त्यांचा पाठिंबा होता. राज्य ही कारभाराची सोय असेल, तर तिच्या सीमा बदलल्याने संस्कृतीला धक्का लागत नाही. त्यांच्या मूळ मांडणीचेच हे तर्कशुद्ध टोक होते. भाषा आणि अस्मितेने भारलेल्या महाराष्ट्रात असे बोलायला धैर्य लागते.

१९७८ ते १९८४ या काळात ते राज्यपालनियुक्त सदस्य म्हणून विधान परिषदेत होते. नंतर संघाचे पहिले अधिकृत प्रवक्तेही झाले. तरीही लेखणी त्यांनी स्वतःच्याच हातात ठेवली. २०१२मध्ये भाजपमधल्या अंतर्गत संघर्षावर त्यांनी उघडपणे लिहिले, तेव्हा ते त्यांचे वैयक्तिक मत असल्याचा खुलासा संघाला करावा लागला.

राष्ट्र आणि राज्य वेगळे असतात, हा विचार जगाच्या इतिहासालाही धरून आहे. १७९५ ते १९१८ या काळात नकाशावर पोलंडचे राज्य नव्हते, पण पोलिश लोक आपली भाषा आणि स्मृती जपून होते. जर्मनीची दोन राज्ये झाली आणि १९९०मध्ये ती पुन्हा एक झाली. फ्रेंच विचारवंत अर्नेस्ट रेनाँ याने १८८२च्या व्याख्यानात राष्ट्राचा आधार समान स्मृतीत शोधला, पण त्याला एक अट जोडली : एकत्र राहण्याची इच्छा लोकांनी रोज नव्याने व्यक्त केली पाहिजे.

इथेच वैद्यांच्या मांडणीपुढचा कठीण प्रश्न उभा राहतो, आणि त्याचाही धागा नागपूरशी जुळतो. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत डॉ. आंबेडकरांनी बजावले होते की, हजारो जातींत विभागलेले लोक राष्ट्र होऊ शकत नाहीत, आपल्याला अजून राष्ट्र व्हायचे आहे. संघाची स्थापना १९२५च्या विजयादशमीला नागपुरात झाली. त्याच शहरात १९५६मध्ये, अशोक विजयादशमीला, बाबासाहेबांनी लाखो अनुयायांसह धम्मदीक्षा घेतली. इतिहासाची स्मृती समान हवी हे खरे. पण ज्यांना पाणवठ्यावर पाणी नाकारले गेले आणि ज्यांनी ते नाकारले, त्यांची स्मृती समान कशी असेल? समान मूल्ये मिळालेला वारसा म्हणून गृहीत धरता येत नाहीत, ती न्यायाने कमवावी लागतात. वैद्यांची व्याख्या या ठिकाणी मला अपुरी वाटते. राष्ट्राचे घटक त्यांनी सांगितले, पण ते घटक ज्यांच्या वाट्याला आले नाहीत त्यांच्या बाजूने ती व्याख्या पुरेशी बोलत नाही.

तरीही या विचाराचे ऋण मान्य केलेच पाहिजे. राष्ट्र समाजात वसत असेल तर शाळा, वाचनालये, वृत्तपत्रे, नाट्यमंडळे ही राष्ट्राची खरी अंगे ठरतात. अभ्यासक्रम दर निवडणुकीनंतर बदलण्याची गरज उरत नाही, आणि सत्ताधाऱ्याला प्रश्न विचारणारा विद्यार्थी राष्ट्राचा शत्रू ठरत नाही. १९ डिसेंबर २०२० रोजी, ९७व्या वर्षी, वैद्य गेले. ज्यांना ते आपले वाटतात त्यांचीच माणसे आज सत्तेवर आहेत. म्हणून राष्ट्र आणि राज्य यांतला फरक जपण्याची जबाबदारी विरोधकांपेक्षा त्यांच्यावर अधिक आहे. सरकार आपले असतानाही तो फरक पाळणे, हीच या विचारावरील निष्ठेची खरी परीक्षा आहे.