भिक्षा आणि बिदागी

गोरेगाव म्हटले की मुंबईची चित्रनगरी डोळ्यांपुढे येते. हिंगोली जिल्ह्यातल्या गोरेगावाला तो मान नाही. परंतु संत नामदेवांचे नरसी याच जिल्ह्यातले. आणि कथेभोवती गाव कसा गोळा करावा, हे कीर्तनाने मराठी मुलखाला चित्रपटाच्या कितीतरी आधी शिकविले. आज इथले एखादे पोर डोरेमॉनच्या करामती पाहून खदखदून हसू लागले, की घरातले आजोबा कुरकुरतात, "आपले सोडून हे जपानी खूळ कशाला?"

पण त्या खुळाची एक मुळी चांगली ओळखीची निघते. 1930च्या सुमारास जपानात 'कामिशिबाई', म्हणजे कागदी नाटक, करणारे लोक सायकलीवर लाकडी चौकट बांधून गल्लोगल्ली हिंडत. एकेक चित्र सरकवीत गोष्ट सांगत आणि मुलांना मिठाई विकून पोट भरत. आपल्या पिंगुळीचे चित्रकथी तरी वेगळे काय करीत आले? रामायणाची चित्रे एकामागून एक समोर धरायची आणि गात गात कथा लावायची!

1953 साली जपानात टेलिव्हिजन आला, तेव्हा लोकांनी त्याला 'विजेची कामिशिबाई' म्हटले. नाव राहिले, सायकलवाला मात्र हळूहळू दिसेनासा झाला. शिगेरू मिझुकींसारखे काही चित्रकार छापील चित्रकथांकडे वळले आणि नावारूपाला आले. सगळ्यांनाच ते कसे साधावे?

करमणुकीने परंपरेतून उचलावे, यात मला पाप दिसत नाही. कीर्तनकारानेही पुराणातूनच उचलले. प्रश्न आहे तो ऋणाचा. कला लोपली म्हणून आपण हळहळतो. ती जपणाऱ्याच्या घरी चूल पेटते की नाही, हे कोण विचारतो? पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांनी गुरांच्या गोठ्यात चित्रकथीचे संग्रहालय थाटले. 2021 साली त्यांना पद्मश्री जाहीर झाली, याचा आनंद आहेच. पण आपल्या ठेव्याला पहिला आसरा गोठ्याने द्यावा, ही गोष्ट मनाला टोचते.

तेव्हा आजोबा, नातवाला डोरेमॉन खुशाल पाहू द्या. मात्र सणासुदीला वासुदेव किंवा गोंधळी दारी आला, तर सूपभर धान्य घालून त्याला वाटेला लावू नका. ओसरीवर बसवा, नातवाला शेजारी घ्या, एक गाणे पुरते ऐका आणि मग हात सैल सोडा. धान्य तेच, पैसेही तेच असतील. पण न ऐकता दिली ती भिक्षा. ऐकून दिली ती बिदागी. जपानच्या गल्लीतले पोर मिठाईचा पैसा मोजून हेच करीत होते, आणि त्याला ते कुणी शिकवावे लागले नव्हते.