पदकाची कड

सातारा जिल्ह्यातल्या एका गावात झेंडावंदनाला तात्या दरवर्षी यायचे. धुतलेला पांढरा सदरा आणि छातीवर १९७१ चं संग्राम पदक. यंदा भरतीची तयारी करणाऱ्या एका पोराने त्यांना सगळ्यांसमोर अडवलं.

"तात्या, तुमची पलटण कुठली?"

तात्या बोलेनात. पोराने पदक हातात धरून फिरवलं. पदकाच्या कडेवर सैनिकाचा नंबर आणि नाव कोरलेलं असतं, हे त्याला माहीत होतं. "बघा, नाव दुसऱ्याचंच आहे!"

आडनाव तात्यांचंच होतं, पण ते तर निम्म्या गावाचं. ज्यांना खरं ठाऊक होतं असे तीन-चार म्हातारे तिथेच बसले होते. ते गप्प राहिले. पोरापेक्षा मला त्यांचाच राग जास्त येतो. तात्यांनी पदक काढून खिशात ठेवलं आणि काठी टेकत घरी गेले.

पोरगा तक्रार घेऊन साताऱ्याला गेला. तिथे एका निवृत्त सुभेदारांनी त्याचं सगळं ऐकून घेतलं. म्हणाले, "खात्री करावीच, बाळा. खोट्या फौजींचा आम्हालाही संताप येतो. त्यासाठी डिस्चार्ज बुक बघावं, पेन्शनचा कागद बघावा. तेही नसलं आणि माणूस मराठा लाइट इन्फंट्रीचा असला, तर बेळगावच्या रेकॉर्ड ऑफिसला नंबर कळवावा. पण मला सांग, पदक कुठल्या बाजूला लावलं होतं?"

पोराने आठवून स्वतःच्या छातीवर हात ठेवला. उजवीकडे.

"स्वतःचं पदक फौजी डावीकडे लावतो. गेलेल्या माणसाचं घरच्यांनी लावलं, तर ते उजवीकडे. मी फौजी होतो, असं म्हणाले होते का ते कधी?"

म्हणाले नव्हते. त्यांना कुणी विचारलंच नव्हतं.

संध्याकाळी पोरगा तात्यांच्या ओसरीवर जाऊन उभा राहिला. "तात्या, चुकलो. ते तुमचे कोण?"

"थोरला भाऊ. लढाईतनं परत आलाच नाही." तात्यांनी फडक्यात गुंडाळलेलं पदक त्याच्या हातात दिलं. "मोतीबिंदू झाल्यापासनं मला कडेवरचं दिसत नाही. तुझे डोळे चांगले आहेत. वाच."

पोराने पदक कंदिलाजवळ धरलं. आधी नंबर वाचला, एकेक आकडा सुटा करून. मग नाव.

"परत एकदा," तात्या म्हणाले.