रॉबर्टाची कागदपत्रे

रॉबर्टा ब्राइटमोर या बाईकडे ड्रायव्हिंग लायसन्स होते, बँकेत खाते होते, चेकबुक होते. तिचे हस्ताक्षर निराळे, चालण्याची ढब निराळी. ती मानसोपचारतज्ज्ञाकडे जात असे. सॅन फ्रान्सिस्कोत आल्यावर आपल्यासोबत राहायला कुणी हवे, अशी जाहिरातही तिने वर्तमानपत्रात दिली होती. अशी बाई जन्मलीच नव्हती. लिन हर्शमन लीसन या कलावतीने तिला १९७३च्या सुमारास रचले आणि १९७८पर्यंत, सोनेरी केसांचा टोप घालून, ती स्वतःच रॉबर्टा म्हणून जगली.

परफॉर्मन्स आर्टच्या इतिहासात ही कलाकृती आता मानाने नोंदली जाते. मात्र तिच्यातून निघणारा नेहमीचा निष्कर्ष मला पटत नाही. ओळख घडवलेली असते, म्हणजे ती वेषासारखी चढवता-उतरवता येते, असे आपण फार सहज म्हणून टाकतो. रॉबर्टाच्या पाच वर्षांनी दाखवले ते याच्या उलट. घडवलेली ओळखही माणसावर पुरते वजन टाकते, आणि ते वजन बाहेरून येते.

काळ लक्षात घेतला पाहिजे. अमेरिकेत स्त्रीला कर्ज किंवा क्रेडिट कार्ड देताना नवऱ्याची सही मागण्याची पद्धत तेव्हा सर्रास होती. लिंग आणि वैवाहिक स्थितीवरून असा भेदभाव करण्याला मनाई करणारा कायदा ऑक्टोबर १९७४मध्ये झाला. हाडामांसाच्या बाईला आपली पत सिद्ध करताना नाकी नऊ येत होते, त्याच वर्षांत एका कल्पित बाईच्या नावाने कागद जमत गेले. शासनाला आणि बँकेला माणूस लागत नाही, नोंद लागते, हे हर्शमनने सिद्धान्त न मांडता दाखवले. १९७५मध्ये तिने रॉबर्टाच्या चेहऱ्याचा तक्ताच तयार केला. छायाचित्रावर आकडे टाकून कुठे कोणता रंग, कोणते प्रसाधन, हे त्यात नोंदले आहे. तो तक्ता पाहताना मला नेहमी जाणवते की यातले काहीही रॉबर्टापुरते नाही. बाजारात मिळणाऱ्या वस्तूंतून लाखो बाया रोज सकाळी हेच करत होत्या.

जाहिरातीला उत्तर देणारे पुरुष येत, आणि त्यांना भेटायला रॉबर्टा जाई. सॅन दिएगोत अशाच एका भेटीत तिला वेश्याव्यवसायात ओढण्याचा प्रयत्न झाला. तेव्हा प्राणिसंग्रहालयातल्या स्वच्छतागृहात शिरून, टोप आणि रंग उतरवून, लिन होऊन ती निसटली. या कलाकृतीतला हाच प्रसंग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. रॉबर्टा एकटी, परगावची, पैशांची चणचण असलेली. धोका तिच्या वाट्याला आला तो त्यामुळे. लिनजवळ उतरवायला टोप होता. त्या शहरात खऱ्याखुऱ्या रॉबर्टा कितीतरी असतील, त्यांच्याजवळ तो नव्हता.

पुढे हर्शमनने आणखी तीन स्त्रियांना रॉबर्टाचा वेष दिला. त्यांत पुढे कलेतिहासकार म्हणून नावाजलेल्या क्रिस्टीन स्टाइल्सही होत्या. शेवटी १९७८मध्ये इटलीतल्या फेरारा इथे, झपाटलेल्याचे भूत उतरवावे तशा विधीने, रॉबर्टाला निरोप दिला गेला.

याच वर्षांत एड्रियन पायपर ही कृष्णवर्णीय कलावती आफ्रो टोप, मिशा आणि काळा चष्मा लावून ‘मिथिक बीइंग’ या पुरुषाच्या रूपात रस्त्यावर फिरत होती. त्यातला काही काळ ती हार्वर्डमध्ये तत्त्वज्ञान शिकत होती. आपल्या जुन्या रोजनिशीतले एखादे वाक्य ती मंत्रासारखे पुनःपुन्हा घोकत चाले. पायपरची कातडी उजळ, त्यामुळे एरवी तिचे काळेपण लोकांच्या नजरेतून निसटे. या पुरुषाचे ते निसटत नव्हते. रस्ता मोकळेपणाने वापरण्याची पुरुषाची मुभा तिला मिळाली, आणि तीच देहबोली गोऱ्यांच्या मनात भीती जागी करते, हेही तिला अंगावर घ्यावे लागले. मन आतून एकच होते. वागणूक बदलली ती समोरच्यांची.

आपल्याकडे पुष्पमाला एन. यांनी १९९६ ते १९९८ या काळात मुंबईत ‘फँटम लेडी’ ही छायाचित्रमालिका केली. मुखवटाधारी साहसी नायिका त्यांनी स्वतः साकारली. मात्र तिथे सिनेमाचा साचा उघड आहे, बघणाऱ्याला खेळ ठाऊक आहे.

हर्शमनच्या बाबतीत माझी अडचण नेमकी इथेच आहे. आपला बहुरूपी पोलिसाचा वेष करून दारात उभा राहतो, तेव्हा घरच्यांना सोंग ओळखता येते. दान देणे न देणे त्यांच्या हाती असते. रॉबर्टाला भेटायला आलेल्यांना आपण कलाकृतीत ओढले गेलो आहोत, दुरून आपली छायाचित्रे काढली जात आहेत, हे माहीत नव्हते. त्यांतले काही जण नुसते एकटे असतील, सोबत शोधत असतील. त्यांना सांगितले असते तर प्रयोग उरलाच नसता, हा युक्तिवाद मी समजू शकतो. पण कागदाने आणि नजरेने माणसाचे काय होते, हे दाखवणाऱ्या कलाकृतीनेच काही माणसांना न विचारता नोंदीत बदलले. रॉबर्टाला मी गेल्या शतकातल्या मोठ्या कलाकृतींत गणतो, आणि त्या माणसांची संमती न घेणे ही तिच्यातली चूक होती, असेही माझे स्पष्ट मत आहे.