लुटीच्या तलवारीचा भाव

पाडाव झालेल्या शत्रूची तलवार कोणाची, हा प्रश्न फार जुना आहे. मनुस्मृतीच्या सातव्या अध्यायात रथ, अश्व, गज, धनधान्य ज्याने जिंकले त्याचे, असा निर्वाळा दिलेला असून त्यातील उत्तम भाग राजाकडे पोचवावा अशी पुस्तीही तेथेच जोडलेली आहे. युरोपात हाच वाद एका जहाजावरून पेटला. १६०३ साली सिंगापूरनजीक डच नौकांनी ‘सांता कातारिना’ हे पोर्तुगीज जहाज पकडले आणि त्यावरील माल ॲमस्टरडॅमच्या बाजारात विकला. डच कंपनीच्या काही मेनोनाइट पंथीय भागधारकांना हा पैसा पदरात घेणे रुचेना. त्या विक्रीच्या समर्थनार्थ ह्यूगो ग्रोशियस या तरुण विधिज्ञाने एक अख्खा ग्रंथ लिहिला. तो संपूर्ण स्वरूपात प्रकाशात येण्यास मात्र १८६८ साल उजाडले. लुटीच्या मालाचे समर्थन करण्यासाठी एवढा खटाटोप करावा लागला, यातच त्या मालाविषयीची बोच किती खोल होती हे दिसते.

आता ही बोच मावळली आहे काय, असा विचार आमच्या मनात आला तो एका खेळामुळे. ‘द एल्डर स्क्रोल्स’ या मालिकेतील ‘स्कायरिम’ हा संगणकीय खेळ २०११ साली आला आणि आजही तो हौसेने खेळला जातो. ज्यांच्या घरात नातवंडे आहेत त्यांना तो निदान ऐकून तरी ठाऊक असेल. बर्फाळ डोंगरांचा एक कल्पित मुलूख, त्यात ड्रॅगन, जुनी थडगी, दरोडेखोरांचे अड्डे, आणि या सर्वांतून वाट काढणारा आपला नायक, असे त्याचे स्वरूप. वीरकथेचा हा सगळा सरंजाम असला, तरी खेळणाऱ्याचा बराचसा काळ कशात जातो हे पाहिले म्हणजे गंमत वाटते. तो जातो हिशेबात. मेलेल्या दरोडेखोराच्या अंगावरची शस्त्रे उचलायची, गावात न्यायची, लोहाराला विकायची, आणि अधिक पैसा कसा सुटेल याची खलबते करायची.

हिशेब असा. नायकाला आरंभी तीनशे वजनाइतकेच सामान वाहता येते. त्याहून जास्त झाले की धावणे बंद. लोखंडी तलवारीचे वजन ९, किंमत २५. लोखंडी खंजिराचे वजन २, किंमत १०. म्हणजे वजनाच्या मानाने खंजीर तलवारीहून महाग. लोखंडी युद्धघणाचे वजन २४ आणि किंमत अवघी ६०. तो शहाणा माणूस प्रेताशेजारीच टाकून देतो. एबनी धातूची तलवार १५ वजनाची आणि ७२० मोहरांची. तिच्यासाठी मात्र पाठीवरचे दहा खंजीर खुशाल फेकावेत. शिवाय ही छापील किंमत हाती कधीच पडत नाही. संभाषणचातुर्य कोवळे असताना व्यापारी तिच्या तिसऱ्या हिश्शाहूनही कमी देतो. ते पूर्णत्वाला पोचले म्हणजे निम्म्याच्या आसपास, आणि त्यावर विशेष गुण संपादन केले तर आणखी थोडे. निसण्यावर धार लावली तर भाव वाढतो, मंत्रशक्तीने भारले तर कित्येक पटींनी वाढतो. पण पंचाईत अशी की लोहाराच्या गल्ल्यात हजार मोहरा, व्हाइटरन गावच्या बेलेथोर नावाच्या दुकानदाराकडे साडेसातशे, आणि त्या संपल्या की दोन दिवस तो गल्ला भरत नाही. तेव्हा ज्याने ड्रॅगन मारला तो महावीर दुकानाच्या दारात अठ्ठेचाळीस तास निमूटपणे तिष्ठत उभा राहतो. वीररसाची याहून चांगली थट्टा आमच्या तरी पाहण्यात नाही.

यावर कोणी म्हणेल, हा खेळ आहे. बुद्धिबळात प्यादे मारले म्हणून कोणी हत्येचे पातक सांगत नाही. आक्षेप योग्य आहे, आणि त्याला बगल देण्याची आमची इच्छा नाही. पडद्यावरील दरोडेखोराला आई नाही, त्याच्या मरणाने कोणाचे कुंकू पुसले जात नाही. तरीही बुद्धिबळाशी केलेली तुलना पुरती जुळत नाही. प्यादे मारले की ते पटाबाहेर जाते. कोणी त्याची घडण न्याहाळून त्याचे किती येतील याचा अंदाज बांधत नाही. येथे मारणे आणि मोल करणे एकाच हालचालीत घडते. शेकडो तास खेळून झाल्यावर समोरून तलवार उपसून येणारा माणूस खेळणाऱ्याला माणूस किंवा शत्रू म्हणून दिसत नाही. त्याच्या हातातली तलवार पोलादी की एबनी, एवढेच दिसते. दरोडेखोराचे यात काही बिघडत नाही. प्रश्न आहे तो पाहणाऱ्याच्या नजरेचा, कारण नजर सवयीने घडते आणि सवय खेळातही लागते.

या खेळाच्या रचनेत नीतीची एक सूक्ष्म रेषा आखलेली आहे, आणि ती आखणाऱ्याचे आम्हांला कौतुक वाटते. दुकानातून किंवा कोणाच्या घरातून वस्तू न विचारता उचलली तर तिच्यावर चोरीची खूण उमटते. तशी वस्तू सरळमार्गी व्यापारी घेत नाही. ती खपवायची तर रिफ्टन शहरातील चोरांच्या टोळीत शिरून त्यांच्या हस्तकाला गाठावे लागते. पण ज्या दरोडेखोराला ठार मारले त्याच्या अंगावरून घेतलेल्या वस्तूवर अशी कोणतीही खूण नाही. प्राचीन थडग्यांत शिरून तेथील मृतांच्या तलवारी घेतल्या, अस्थिकलश उघडून त्यांतल्या मोहरा काढल्या, तरीही नाही. जिवंत माणसाचा एक पेला उचलला तर चोरी. आणि माणूस मारून त्याचे सर्वस्व घेतले तर ती कमाई! मरण हे जणू असे खरेदीखत आहे की ज्यावर विकणाऱ्याची सही लागत नाही.

याहून मार्मिक गोष्ट पुढेच आहे. चोरीचा माल त्या हस्तकाला विकून लगेच त्याच्याचकडून परत विकत घेतला, तर चोरीची खूण नाहीशी होते. वस्तू तीच, घेणाराही तोच. मध्ये फक्त मोहरांची देवघेव झाली आणि डाग धुऊन निघाला. खेळ रचणाऱ्यांनी हे उपरोधाने केले की सोयीसाठी, यावर आम्ही तर्क करणार नाही. परंतु जगातील कित्येक उच्चभ्रू बाजारपेठांचे वर्म इतक्या थोडक्यात क्वचितच कोणी सांगितले असेल.

याच मालिकेतील २००२ सालच्या ‘मोरोविंड’ या खेळात तर याहून विलक्षण प्रकार आहे. तेथील काल्डेरा गावात ऑर्क जातीच्या राकट लोकांच्या वाड्यात एक छोटे पिशाच बसलेले असते. त्याच्याकडे पाच हजार मोहरा असतात, आणि ते कोणतीही घासाघीस न करता वस्तूची पूर्ण किंमत मोजते. त्या अवघ्या बेटावर लुटीच्या मालाला खरा भाव देणारे व्यापारी दोनच: एक हे पिशाच आणि दुसरा पाण्याकाठचा एक बोलका खेकडा. माणसे सगळी पाडून मागतात.

आमच्या वाचकांना लुटीचा विषय परका नाही. इंग्रजी भाषेला ‘लूट’ हा शब्द आपल्याच देशाने दिला. इंदूर, ग्वाल्हेर, बडोदे येथील अनेक घराण्यांचे मूळपुरुष फौजांबरोबर आले, आणि त्या फौजा केवळ पगारावर पोसल्या जात नव्हत्या हे उघड आहे. मात्र शिवकाळातील शिस्त आठवावी. सतराव्या शतकाच्या अखेरीस लिहिलेल्या सभासदाच्या बखरीत असे वर्णन आहे की मुलूखगिरीस निघताना प्रत्येक शिपायाच्या जवळच्या चीजवस्तूंचा झाडा लिहून घेतला जाई, आणि परतल्यावर पुन्हा झाडा घेऊन जे जास्त निघेल ते सरकारात दाखल करावे लागे किंवा पगारातून वजा होई. यातून लूट नाहीशी झाली असे आम्ही म्हणत नाही. तसे म्हणणे इतिहासाशी प्रतारणा ठरेल. परंतु शस्त्र चालवणाऱ्याचा हात आणि त्यातून पैसा करणाऱ्याचा हात एक असू नये, हा विवेक त्यात होता. तो सुटला तेव्हा काय झाले तेही आपण जाणतो. शिंदेशाही आणि होळकरशाही म्हणवणारे पेंढारी लुटीवरच जगत. त्यांच्याकडून पालपट्टी नावाचा हिस्सा घेतला जाई. ज्याची उपजीविका मेलेल्याच्या मालावर चालते, त्याला उद्या कोण मरावे हे ठरवण्यात स्वारस्य निर्माण होते.

इंग्रजांनी याला कायद्याचा पोशाख चढवला. १८१७-१८ च्या युद्धानंतर ‘डेक्कन प्राइझ’ म्हणून ओळखल्या गेलेल्या लुटीच्या वाटणीवरून गव्हर्नर जनरल हेस्टिंग्ज यांची सेना आणि २१ डिसेंबर १८१७ रोजी महिदपूरला होळकरांचा पराभव करणारे सर टॉमस हिस्लॉप यांची सेना यांच्यात तंटा लागला. तो लंडनपर्यंत गेला, वर्षानुवर्षे चालला, ड्यूक ऑफ वेलिंग्टनना विश्वस्त व्हावे लागले. कोणत्या सैन्याला किती, याची चर्चा तेथे झाली ती विजेत्यांच्या आपसांतली.

आणि त्या वस्तू आजही बाजारात आहेत. श्रीरंगपट्टणच्या पाडावानंतर जनरल बेअर्डकडे गेलेली टिपू सुलतानाची तलवार २०२३ साली लंडनच्या बोनहॅम्समध्ये एक कोटी चाळीस लाख पौंडांना गेली. नागपूरकर रघूजी भोसले यांची तलवार २०२५ साली सदबीजच्या लिलावात महाराष्ट्र शासनाने घेतली. सगळा खर्च धरून ४७ लाख १५ हजार रुपये पडले. १८१७ मधील सीताबर्डीच्या लढाईनंतर ती लुटीत किंवा भेटीदाखल इंग्रजांकडे गेली असावी, असे मानले जाते. ती परत आली याचा आनंद आम्हांलाही झाला. पण लुटीचीच असेल तर तिच्यासाठी मूल्य मोजताना आपण एक गोष्ट नकळत मान्य केली, ती ही की ती विकण्याचा अधिकार विकणाऱ्याला होता. रिफ्टनच्या त्या हस्तकाकडे जे घडते तेच हे. मोहरा पुढे सरकल्या, आणि खूण पुसली गेली. दुसरा उपाय होता काय? बहुधा नव्हता. उपाय नव्हता म्हणून व्यवहार निर्मळ ठरत नाही, इतकेच आमचे म्हणणे.

खेळातील विक्रीत एक उणीव आहे, ती येथे स्पष्ट होते. लोहाराला विकलेल्या तलवारी पुढे कोठे जातात? कोठेच जात नाहीत. काही दिवसांनी दुकानातला माल बदलतो आणि त्या नाहीशा होतात. त्याच तलवारी घेऊन दरोडेखोरांची नवी टोळी रस्त्यावर उभी राहिली, आणि आपण विकलेले पातेच आपल्या छातीवर आले, असे तेथे होत नाही. मारल्या गेलेल्याचा मुलगा बापाची तलवार ओळखून दुकानदाराशी भांडायला येत नाही. खऱ्या जगात शस्त्राला नेहमीच पुढचा ग्राहक असतो आणि मागचा वारसही असतो. हे दोघे वगळले की विक्री निव्वळ अंकगणित होऊन बसते. २०१२ सालच्या ‘डियाब्लो ३’ या खेळात राक्षसांकडून मिळालेली शस्त्रे खऱ्या पैशाने विकण्याचा बाजार उघडला होता. मार्च २०१४ मध्ये तो निर्मात्यांनी स्वतःच बंद केला. त्याने खेळाचा गाभाच पोखरला जातो, असे कारण त्यांनी दिले. झुंजून मिळवण्यापेक्षा विकत घेणे सोपे झाल्यावर झुंजायचे कशाला?

आमच्यासारख्या घरांत हा प्रश्न वेगळ्या रूपाने येतो. खंडेनवमीला जिची पूजा होते ती माजघरातील तलवार मूळ कोणाची, हे आपण विचारीत नाही. पूर्वजाने गाजवलेली, असे सांगितले जाते. पण पूर्वजाने ती घडवून घेतली की कोणाच्या हातून घेतली, याविषयी कुटुंबाची बखर मौन पाळते. वाडा मोडताना, वाटण्या होताना, मुले परदेशी स्थायिक झाल्यावर जुन्या वस्तूंचा व्यापारी दाराशी येतो आणि मुठीवरचे सोन्याचे काम पाहून भाव सांगतो. शंभर वर्षांहून जुनी वस्तू देशाबाहेर नेण्यास १९७२ च्या पुरावस्तू कायद्याने मनाई आहे, परंतु देशातल्या देशात विकण्याच्या प्रश्नाला कायदा पुरा पडत नाही. आमचे मत असे की विकायची झाल्यास विकावी. दारिद्र्यात तलवार पूजणे हा काही धर्म नव्हे. मात्र तिचे जे काही ठाऊक असेल ते, आणि ठाऊक नसेल तर तसेही, कागदावर लिहून तिच्याबरोबर द्यावे. झाडा तिच्याबरोबर जावा.

स्कायरिममध्ये पुरेसे पैसे साठले की घर विकत घेता येते, आणि काही घरांत भिंतीवर शस्त्रे टांगण्याच्या चौकटी असतात. ज्याने दोनशे तलवारी विकल्या तोच खेळणारा कधी एखादी निवडून तेथे टांगतो. त्याला पैशाची गरज उरलेली नसते, वजनाची चिंता नसते. चौकटीसमोर उभे राहिले म्हणजे त्या तलवारीचे नाव दिसते, आणि नावाखाली तिचे वजन व किंमत.