मधल्या दिवसांचे काय?

दादासाहेब फाळक्यांचे नाव निघाले की आपल्याला १९१३ सालचा 'राजा हरिश्चंद्र' आठवतो. मला मात्र त्याच्या आदल्या वर्षीची त्यांची एक लहानशी खटपट अधिक मोलाची वाटते. कुंडीत वाटाणे पेरून त्यांनी समोर कॅमेरा मांडला आणि दिवसागणिक चित्रे घेत महिनाभर त्या अंकुराची पाठ धरली. ती चित्रे पडद्यावर धावू लागली, तेव्हा बी फुटून बघता बघता त्याचा वेल झाला.

वस्तुतः पडद्यावर वाढ नव्हतीच. होती ती सुटी, निश्चल चित्रे. एका चित्रापासून दुसऱ्या चित्रापर्यंतचे ऊन, पाणी, रात्र सारे गळून गेले होते. ती फट बुजवली पाहणाऱ्याच्या मनाने. मुंबईत ख्रिस्ताचा चित्रपट पाहताना याच फाळक्यांच्या मनश्चक्षूंपुढे राम-कृष्ण उभे राहिले होते. डोळा थोडे पाहतो, उरलेले मन पुरवते.

स्मरणाचेही असेच आहे, हे मला यंदा कळले. लातूर जिल्ह्यातले आमचे गाव किल्लारीपासून फार लांब नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, गणपती बोळवून गाव निजलेले असताना भूकंप झाला. दगडामातीच्या जाड भिंती आणि वरची माळवदे निजलेल्या माणसांवर कोसळली. मी अकरा वर्षांचा होतो. धाकट्या भावाला उचलून मी अंगणात आणले, ही हकीकत वर्गात मी वीस वर्षे सांगत आलो.

या दसऱ्याला थोरली काकू सहज म्हणाली, "तू कुठला आणतोस रे? सालगड्यानं तुम्हा दोघांना एकदम उचलून आणलं. मग तुझ्या आजीसाठी तो परत आत गेला."

आजी आणि सालगडी, दोघेही गेले, हे मला ठाऊक होते. तो आत का होता, हे मी कधी विचारलेच नव्हते.

भाऊ माझ्या मिठीत होता, हे चित्र खरे. अंगणातले तुळशीवृंदावन, तेही खरे. मधल्या फटीत तो होता. तिथे मी स्वतःला भरले. मी जाणूनबुजून खोटे बोललो नाही. पण म्हणून मी निर्दोष ठरतो का? मन फट बुजवते ती आपल्याच सोयीच्या मातीने, आणि त्या मातीखाली कुणी तरी गाडले जाते. फाळक्यांना आपली चित्रे कुठे तुटतात ते पक्के ठाऊक होते. आपण तेवढाही हिशेब ठेवत नाही. फटी राहणारच; पण तिथे कोण होते, हे दुसऱ्याला विचारण्याचे कर्तव्य सुटत नाही.

दिवाळीनंतर शाळा उघडली की ती हकीकत मी पुन्हा सांगणार आहे. मुले विचारतील, "गुरुजी, मग तुम्ही काय केलंत?" भावाला घट्ट धरून ठेवले होते, एवढेच सांगेन.