बुरूज बांधणाऱ्याचा हिशेब

(वाचा : लूक १४:२८–३०, नहेम्या ५:१–१३)



अमरावतीहून नागपूरकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर, तिवसा तालुक्यात, गुरुकुंज मोझरी हे गाव आहे. राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांनी १९३५ साली तेथे आश्रम स्थापिला, तेव्हापासून ह्या गावाचे नाव साऱ्या वऱ्हाडास ठाऊक आहे. २०२५ च्या जून महिन्यात ते नाव आणखी एका कारणाने सर्वांच्या मुखी झाले. शेतकऱ्यांच्या कर्जमाफीकरिता माजी आमदार बच्चू कडू ह्यांनी तेथे अन्नत्याग केला, आणि गावोगावचे कर्जदार लोक तेथे जाऊन बसले. आमच्या मंडळीतील एक बंधूही गेले होते. परत आल्यावर ते आमच्याकडे आले व म्हणाले, "पाळकसाहेब, आता घराचं कर्ज घेतो म्हणतो. प्रार्थना करा. पुढं माफी झाली तं हेही सुटन."

आम्ही प्रार्थना करण्यापूर्वी त्यांस खाली बसविले. कारण त्यांच्या बोलण्यात दोन भ्रम होते, आणि ते केवळ त्यांचेच नव्हेत.

पहिला भ्रम माफीचा. २०१७ साली व पुन्हा २०१९ साली महाराष्ट्र सरकारने ज्या कर्जमाफीच्या योजना काढिल्या, त्या शेतीच्या कर्जाकरिता होत्या. गावठाणातील घर गहाण ठेवून घेतलेले कर्ज त्यांत आले नाही. माफीच्या आशेवर जो घराचा हप्ता थांबवितो, त्याचे व्याज मात्र थांबत नाही. ते रात्रीही चालते व उपासनेच्या दिवशीही चालते. सरकारने गरिबाचे ओझे हलके करावे असे आम्हांसही वाटते. तथापि न मिळालेल्या माफीवर घराचा पाया घालू नये.

दुसरा भ्रम अधिक खोल आहे, आणि त्याविषयीच आज लिहावयाचे आहे. बंधू म्हणाले, "हप्ता साडेचार हजारच हाये. तेवढं तं निघतेच." पाहा, त्यांनी कर्ज मोजिले नाही, हप्ता मोजिला. पाच लाख रुपयांचे घर त्यांच्या मनात साडेचार हजारांचे झाले होते.

प्रभूने बुरूज बांधणाऱ्याचा जो दाखला दिला, तो शिष्यत्वाविषयी आहे हे आम्ही विसरत नाही. परंतु तो दाखला ऐकणाऱ्यांस पटला तो एवढ्याचकरिता की, शहाणा मनुष्य बांधण्याच्या आधी बसून खर्चाचा हिशेब करितो हे त्यांस घरच्या व्यवहारातून ठाऊक होते. त्यातील एक शब्द आम्हांस फार महत्त्वाचा वाटतो : तो आधी बसतो. एजंट दारात उभा असता, पेन हातात दिले असता, जो हिशेब होतो तो हिशेब नव्हे.

म्हणून आम्ही त्या बंधूंच्या ओसरीवर बसलो. त्यांची मुलगी अकरावीत शिकते. तिने वही घेतली. दर सारा काळ एकच राहील असे धरून हिशेब मांडिला : कर्ज ५,००,००० रुपये, व्याज दरसाल शेकडा ९, म्हणजे आपल्या गावच्या भाषेत महिन्याला शेकडा पाऊण रुपया, आणि मुदत २० वर्षे. हप्ता आला सुमारे ४,४९९ रुपये. येथपर्यंत बंधूंचे म्हणणे खरे निघाले.

मग मुलीने पहिला हप्ता फोडून पाहिला. पाच लाखांवर एका महिन्याचे व्याज ३,७५० रुपये होते. तेव्हा ४,४९९ मधून ३,७५० व्याजात गेले, आणि मुद्दल कमी झाले ते अवघे ७४९ रुपयांनी. दुसऱ्या महिन्यात व्याज किंचित कमी, मुद्दल किंचित अधिक. असे करीत पहिल्या संपूर्ण वर्षात जवळजवळ ५४,००० रुपये भरले जातात, आणि मुद्दल फिटते सुमारे ९,३६४ रुपये. खळ्यावर रास पडते तेव्हा धनी कोण हे माप भरताना कळते. ह्या राशीतील पहिली मापे बहुतेक सारी दुसऱ्याच्या पोत्यात जातात. ह्यात लबाडी नाही, व्याज शिल्लक मुद्दलावर बसते आणि आरंभी मुद्दल मोठे असते, एवढेच कारण आहे. परंतु हे कारण कर्जदारास कोणी सांगत नाही.

तेव्हा चुलीजवळून बंधूंच्या पत्नीने विचारिले, "पण दहा वर्स भरल्यावर किती राहीन?"

आम्ही पाळक आहोत, शाळामास्तर नव्हे. तरी इतका नेमका प्रश्न आम्ही पुष्कळ दिवसांत ऐकिला नव्हता. मुलीने हिशेब केला. दहा वर्षांत भरलेली रक्कम सुमारे ५,३९,८०० रुपये. म्हणजे घेतले त्याहून अधिक परत दिले. आणि बाकी? बाकी ३,५५,१२९ रुपये. ओसरीवर कोणी काही बोलले नाही. अर्धे मुद्दल फिटण्यास चौदा वर्षे लागतात असे पुढे निघाले, आणि वीस वर्षांची बेरीज झाली सुमारे १०,७९,७०० रुपये. त्यांपैकी व्याजच ५,७९,७०० च्या घरात. आपल्या जुन्या हिंदू कायद्यात दामदुपटीचा नियम होता, की एका वेळी वसूल करावयाचे थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक असू नये. हप्त्याच्या कर्जात व्याज थकत नाही, महिन्याच्या महिन्यास दिले जाते. म्हणून दामदुपट ओलांडली तरी कोणाच्या ध्यानात येत नाही.

येथे आम्ही स्वतःविषयीही सांगणे प्राप्त आहे. काही वर्षांपूर्वी आम्हीही घरासाठी कर्ज घेतले, आणि बुरुजाच्या दाखल्यावर एकाहून अधिक वेळा उपदेश केला असूनही, बसून हिशेब केला नाही. पुष्कळ वर्षांनी खात्याचा उतारा मागविला, तेव्हा आम्हांस वाटले की लिहिणाऱ्याची चूक झाली असावी. चूक आमचीच होती. कागद पहिल्या दिवसापासून आमच्या पेटीत होता.

आता दराविषयी. वर आम्ही दर स्थिर धरिला, परंतु बहुतेक घरकर्जांचा दर बदलता असतो. २०२२ च्या मे महिन्यापासून २०२३ च्या फेब्रुवारीपर्यंत रिझर्व्ह बँकेचा रेपो दर शेकडा ४ वरून ६.५ वर गेला, आणि त्यामागोमाग पुष्कळ घरांची कर्जे महागली. हप्ता मात्र पुष्कळांचा तेवढाच राहिला. म्हणून त्यांस काही झाले असे वाटलेच नाही. झाले असे की मुदत लांबली. आमच्याच हिशेबात दर आरंभापासून ९ ऐवजी १० झाला आणि हप्ता ४,४९९ च ठेविला, तर कर्ज २४० महिन्यांऐवजी ३१४ महिने चालते. सहा वर्षांहून अधिक वाढ, आणि एकंदर भरणा सुमारे १४ लाख १३ हजार. शेकडा एक रुपया वर्षाला, एवढ्याने! २०२३ च्या ऑगस्टमध्ये रिझर्व्ह बँकेने असा नियम केला आहे की दर बदलल्यास कर्ज देणाऱ्याने कर्जदारास कळवावे, आणि हप्ता वाढवावा की मुदत वाढवावी हे त्यास निवडू द्यावे. हा अधिकार मागितल्याशिवाय उपयोगी पडत नाही.

शेकडा एक रुपया म्हटल्यावर नहेम्याची आठवण होते. यरुशलेमेतील गरिबांनी दुष्काळात धान्यासाठी आपली शेते, द्राक्षमळे व घरे गहाण टाकिली होती, आणि त्यांचेच भाऊबंद त्यांच्याकडून शंभरावा भाग घेत होते. पुष्कळ भाष्यकार ह्याचा अर्थ दरमहा शेकडा एक असा करितात. म्हणजे महिन्याला शेकडा एक रुपया! आमच्या खेड्यांत ह्याच भाषेत बोलतात, आणि विनापरवाना सावकार दोन, तीन, पाच रुपयेही मागतो. नहेम्या एका रुपयावर संतापला होता. पण संतापाच्या भरात त्याने काय केले, हे पाहण्यासारखे आहे. वचनात असे सांगितले आहे की त्याने प्रथम आपल्या मनाशी विचार केला, मग धनकोंस तोंडावर दोष दिला, आणि आपण व आपली माणसेही उसने देत आहोत हे सर्वांपुढे कबूल केले.

वऱ्हाडच्या काळ्या जमिनीने असे गहाण पुष्कळ पाहिले आहे. अमेरिकेतील यादवी युद्धाच्या काळात, १८६१ ते १८६५, येथील कापसाला सोन्याचा भाव आला. लोकांनी त्या भावावर कर्जे काढिली, आणि युद्ध संपताच भाव पडला, कर्ज तसेच राहिले. भावाच्या वर्षी काढलेले कर्ज पडत्या वर्षी फेडावे लागते, हे आपल्या पणजोबांस ठाऊक होते.

सावकाराच्या कागदाविषयी एक सूचना द्यावयाची आहे, कारण ह्यात आमच्या ओळखीच्या कुटुंबांची जमीन गेली आहे. कर्ज देताना गहाणखत न करिता खरेदीखतच लिहून घेतात, आणि "पैसे दिले की परत करू" असे तोंडी सांगतात. परत देण्याची अट त्याच कागदात लिहिलेली नसेल, तर १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याप्रमाणे (१९२९ च्या दुरुस्तीनुसार) तो व्यवहार गहाण म्हणून मानिला जात नाही. ज्यांचे असे झाले आहे त्यांनी अगदीच निराश होऊ नये : महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी नियमन कायद्यात बेकायदा सावकारीतून पंधरा वर्षांच्या आत गेलेली मालमत्ता जिल्हा निबंधकाने चौकशी करून परत देवविण्याची तरतूद आहे.

बँकेचे गहाण ह्याहून पुष्कळ सुरक्षित, परंतु तेही गहाणच. २००२ च्या सरफेसी कायद्याने कर्ज थकल्यास साठ दिवसांची नोटीस देऊन, न्यायालयात दावा न लाविता, तारण ताब्यात घेता येते. शेतजमीन त्या कायद्यातून वगळली आहे. गावठाणातील घर वगळलेले नाही.

कोणी म्हणेल, पाळकाने लोकांस भिववू नये. ते खरे आहे, आणि दुसरी बाजू न सांगणे अप्रामाणिकपणाचे होईल. कर्ज घेणे पाप नाही. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा जड नसतो, म्हणून १०,७९,७०० हा आकडा आजच्या तराजूत तेवढाच मोजणे बरोबर नव्हे. शहरात जो भाडे भरतो, त्यास हप्त्यातून घर तरी उरते. गळक्या छपराखाली मुले आजारी पडतात, त्याचीही किंमत आहे. परंतु खेड्यात भाडे नसते. आणि येथे आणखी एक अडचण आहे, जी शहरातील लोकांस कळत नाही. हप्ता दर महिन्याला येतो, शेतकऱ्याचा पैसा वर्षातून एकदोनदा येतो. सोयाबीन दिवाळीच्या सुमारास, कापूस संक्रांतीच्या पुढेमागे. आषाढ-श्रावणात हप्ता भरावयास हातउसने घ्यावे लागते, किंवा भाव येण्यापूर्वी कापूस गावातच व्यापाऱ्याच्या काट्यावर घालावा लागतो. ते नुकसान बँकेच्या कागदावर कोठेच दिसत नाही, तरी ते त्या घराच्याच किमतीत धरिले पाहिजे.

ह्याच अडचणीतून एक वाटही निघते. बदलत्या दराचे घरकर्ज मुदतीआधी फेडले तर बँकांनी दंड घेऊ नये असे रिझर्व्ह बँकेने २०१२ पासून ठरविले आहे. मुलीने आमच्या सांगण्यावरून आणखी एक हिशेब केला : नेहमीचा हप्ता भरून, शिवाय दर वर्षी कापूस विकल्यावर १०,००० रुपये मुद्दलात भरले तर? ९ च्या दराने ते कर्ज वीसऐवजी सुमारे चौदा वर्षांत फिटते, आणि एकंदर भरण्यात सुमारे दोन लाख रुपये वाचतात. आरंभीच्या वर्षांत भरलेल्या दहा हजारांचे बळ सर्वांत अधिक असते. मात्र भरताना ते मुद्दलात जमा करून मुदत कमी करावी असे लेखी द्यावे.

उपदेशक बंधूंस आमची विनंती आहे की, आपापल्या गावी कोणी घर किंवा शेत गहाण ठेवीत असेल तर सहीपूर्वी एक संध्याकाळ त्याच्या ओसरीवर द्यावी, आणि त्या वेळी घरच्या बाईसही बसवावे. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या अशा कर्जांबरोबर एक मुख्य तथ्यपत्रक देणे भाग आहे. त्यात फी, विमा इत्यादी धरून खरा वार्षिक दर लिहिलेला असतो. तो मागून वाचावा. आणि ज्यांचे कर्ज फिटले असेल त्यांनी घराचे मूळ कागद ३० दिवसांत परत मागावेत. कर्ज देणाऱ्याच्या दोषाने उशीर झाल्यास दर दिवसास ५,००० रुपये भरपाईचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे.

त्या बंधूंनी पुढे अडीच लाखांचेच कर्ज घेतले, दहा वर्षांच्या मुदतीने. हप्ता ३,१६७ रुपये. दर तोच राहिला तर एकंदर भरणा सुमारे ३,८०,००० रुपये. परंतु चार खोल्यांचा पाया आधीच खोदून झाला होता. दोन खोल्या उभ्या राहिल्या, उरलेले दोन चौकोन तसेच आहेत, आणि येणारेजाणारे हसतात, दाखल्यातल्याप्रमाणेच. गेल्या खेपेस आम्ही गेलो तेव्हा बाईंनी त्या चौकोनांत वांगी लाविली होती, आणि आम्हांस निघताना पिशवीभर दिली.