काळाला पहारेकरी लागतात काय?

वाचकहो, हल्लीच्या तरुण मंडळींच्या वाचनात एक कथा येते, ती अशी. जगात कुठेतरी एक गुप्त मंडळी आहे. तिचे सभासद कोणास ठाऊक नाहीत, तिची बैठक कोणी पाहिली नाही. परंतु काळाचा प्रवाह अडू नये, उलटा फिरू नये, म्हणून ती रात्रंदिवस पहारा करते. मुळशी खोऱ्यातल्या एका सप्ताहात एका मुलाने आम्हांस विचारले, "बुवा, आसं कुणी खरंच आसंल का?" कथा कल्पित आहे हे त्यालाही ठाऊक होते. तरी प्रश्न टाकून देण्याजोगा नाही. काळ राखावा लागतो काय? आणि लागत असेल, तर तो लपून राखणे धर्माला धरून आहे काय?

पहिल्या प्रश्नाचे उत्तर शास्त्रात सरळ आहे. वैशेषिकांनी नऊ द्रव्ये सांगितली, त्यांत काळ हे एक. तो एकच, नित्य आणि सर्वव्यापी. क्षण, दिवस, मास हे भेद सूर्यादिकांच्या गतीवरून आपण त्यावर मांडतो. त्यास उपाधी म्हणतात. घागरीतले आकाश आणि घरातले आकाश वेगळे भासते, त्यातलाच हा प्रकार. गीतेच्या अकराव्या अध्यायात तर भगवंत स्वतःसच काळ म्हणवितात. आता त्याला राखण कोण घालणार? अहो, राखणदारच ज्याच्या पोटात गडप व्हायचा!

म्हणजे काळ आपल्या हाती नाही. पण काळाचे माप मात्र माणसाच्या हाती आहे. आणि ज्याच्या हाती माप, त्याच्या हाती दुसऱ्याचा दिवस. १ जानेवारी १९०६ पासून हिंदुस्थानची प्रमाणवेळ सुरू झाली. मुंबईची जुनी वेळ तिच्याहून सुमारे ३९ मिनिटे मागे. सूर्य होता तिथेच राहिला, काटे मात्र पुढे गेले, आणि कामकऱ्याला तेवढे आधी अंथरूण सोडणे आले. त्याच महिन्यात मुंबईच्या एका गिरणीत कामगारांनी घड्याळावर दगड घातले. त्यांचे भांडण काळाशी नव्हते. आपल्या झोपेचे माप आपल्याला न विचारता बदलले, याचा तो राग होता.

आता दुसरा प्रश्न. कोणी म्हणेल, "राखणारे सज्जन असले म्हणजे झाले, लोकांना कळवायचे कशाला?" ही समजूत घातक आहे. तराजू पडद्याआड गेला की वाणी कितीही प्रामाणिक असो, गिऱ्हाइकाला तपासण्याची सोय उरत नाही. आपल्या पूर्वजांनी हे ओळखले होते. सूर्यसिद्धांतात तांब्याच्या भोकाच्या वाटीचे वर्णन आहे. ती पाण्यावर ठेवली असता अहोरात्रात साठ वेळा बुडते. तेच आपले घटिकापात्र. लग्नात ते ठेवीत, ते चारचौघांच्या डोळ्यांदेखत.

एकादशीचेच पाहा. सूर्योदयापूर्वी चार घटिका, म्हणजे ९६ मिनिटे, हा अरुणोदय. त्या वेळी दशमीचा स्पर्श असला तर भागवत एकादशी दुसऱ्या दिवशी धरतात. स्मार्त कोणती, भागवत कोणती, दोन्ही पंचांगात छापलेल्या असतात. मतभेद आहे, पण तो उघड्यावर आहे. म्हणून दोन्ही घरांत उपवास सुखाने होतो.

आजच्या शास्त्रज्ञांचीही रीत तीच. दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत अणुघड्याळांवर देशाची वेळ राखतात. पृथ्वीच्या फिरण्याशी घड्याळाचा मेळ राहावा म्हणून १९७२ पासून २७ वेळा जगाच्या वेळेत एकेक सेकंद मिळविला गेला. शेवटचा आपल्याकडे १ जानेवारी २०१७ रोजी पहाटे साडेपाचच्या ठोक्याला पडला. आधी जाहीर करून, बरे का! पुढे २०२२ साली वजनमापांच्या जागतिक परिषदेत राष्ट्रांच्या प्रतिनिधींनी ही पद्धत २०३५ पर्यंत बदलण्याचा ठराव केला, तोही उघड.

मुळशीने याची उलट बाजू भोगली आहे. मुळा नदी सह्याद्रीतून निघून पूर्वेस वाहते. तिला धरण घालून, पाणी पश्चिमेस भिऱ्याकडे उतरवून मुंबईसाठी वीज काढायची, असा टाटा कंपनीचा बेत होता. शेतकऱ्यांना न विचारता त्यांच्या जमिनीत चाचणीचे चर खणले गेले, तेव्हा कुठे गावांना आपले भविष्य कळले. १९२१ साली सेनापती बापटांच्या पुढारपणाखाली सत्याग्रह झाला, तो १९२४ पर्यंत चालला. धरण झालेच, भाताची खाचरे आणि देवळे पाण्याखाली गेली. वीज लोकोपयोगी खरी. पण ज्यांचे उद्या बुडणार, त्यांना ते सर्वांत शेवटी कळावे, हा कोणता न्याय? हेतू चांगला असला म्हणून गुप्तपणाचे पाप फिटत नाही.

मग काळाची चाकरी करणारी मंडळी नाहीच काय? आहे की. गावोगावच्या सप्ताहात ती उभी असते. सात दिवस वीणा भुईला टेकवीत नाहीत. एकाच्या गळ्यातून दुसऱ्याच्या गळ्यात जाते. याला आपण पहारा म्हणतो, आणि हा शब्द प्रहरापासूनच आला आहे. कोणाचा पहारा केव्हा, याची यादी देवळाच्या भिंतीवर लावलेली असते. शेंबडे पोरही ती वाचून सांगते की आता अमक्याचा बाप उभा राहणार. काळ काही या वीणेवाचून थांबणार नाही. अखंड राहतो तो गावाचा नेम.

या पहाऱ्यात एक बारीक धर्म आहे, तो सांगून पुरे करतो. बदली माणूस आला नाही, तर उभा असलेला वीणा खाली ठेवून जात नाही. पाय भरून येतात, घरी गाय दुधाची खोळंबते, तरी तो उभाच. म्हणून ज्याचा पहारा रात्री दोनचा, त्याने दोनाला पाच मिनिटे असतानाच देवळात यावे. आपण उशीर केला, तर तेवढा वेळ दुसऱ्याच्या आयुष्यातून जातो. आणि तो परत करण्याची सोय कोणत्याही शास्त्रात सांगितलेली नाही.